हप्ता बसतो, मुदतीचे काय?

घरकर्जाची खरी किंमत म्हणजे मुद्दलाखेरीज कर्जदाराच्या खिशातून जाणारा प्रत्येक रुपया, आणि तो रुपया कधी जातो याचा हिशेब. व्याजदर हा त्या हिशेबातला एक आकडा आहे, हप्ता हा दुसरा. परभणी जिल्ह्यातल्या शाखांमध्ये मात्र कर्जदार आणि अधिकारी यांचे बोलणे बहुतेक वेळा हप्त्यावर सुरू होते आणि हप्त्यावरच संपते. 'महिन्याला किती बसेल?' या प्रश्नाला उत्तर मिळाले, पगारात किंवा दुकानाच्या गल्ल्यात ते बसले, की कागदांवर सह्या होतात. वीस वर्षांच्या कराराचा निर्णय एका महिन्याच्या आकड्यावर होतो, आणि त्याची जबाबदारी कर्जदारापेक्षा कर्ज देणाऱ्यावर अधिक आहे. कारण परतफेडीचा तक्ता त्याच्या संगणकावर असतो.

२० लाखांचे कर्ज, ८.५ टक्के दर, २० वर्षे मुदत असे उदाहरण घेतले तर मासिक हप्ता सुमारे १७,३५६ रुपये येतो. पहिल्या हप्त्यातले १४,१६७ रुपये व्याजात जातात आणि मुद्दल फिटते अवघे ३,१९० रुपये. पाच वर्षे एकही हप्ता न चुकवता कर्जदाराने १० लाख ४१ हजार भरलेले असतात; तरीही खात्यावर १७ लाख ६२ हजारांहून अधिक रक्कम बाकी दिसते. अनेक कर्जदार पाचव्या-सहाव्या वर्षी शाखेत येऊन 'साहेब, पैसे गेले कुठे?' असे विचारतात ते यामुळेच. मुद्दल निम्म्यावर यायला १६६ वा हप्ता उजाडावा लागतो, म्हणजे जवळजवळ चौदा वर्षे. शेवटी एकूण भरणा ४१ लाख ६५ हजार होतो. व्याज २१ लाख ६५ हजार, मुद्दलापेक्षाही जास्त.

हेच कर्ज १५ वर्षांत फेडायचे ठरले तर हप्ता १९,६९५ होतो. महिन्याला २,३३८ रुपये जास्त, आणि एकूण व्याज १५ लाख ४५ हजार. म्हणजे सहा लाख वीस हजारांचा फरक. दरासाठी पाव टक्क्याची घासाघीस करणाऱ्या कर्जदाराला मुदतीचा हा फरक क्वचितच कोणी दाखवतो.

इथे एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगितली पाहिजे. व्याजाची नुसती बेरीज कर्जदाराला दाखवून घाबरवणे हेही चुकीचे आहे. वीस वर्षांनंतरचा हप्ता वीस वर्षांनंतरच्या रुपयांत भरला जातो. महागाई सरासरी ५ टक्के धरली, तर ४१ लाख ६५ हजारांचे आजच्या रुपयांतले मोल सुमारे २६ लाख ३० हजार होते. जुन्या माणसांच्या मनात दामदुपटीचा नियम असतो, त्यामुळे व्याज मुद्दलाच्या वर गेले की अन्याय झाला असे त्यांना वाटते. पण तो नियम एका वेळी थकलेल्या व्याजाला मर्यादा घालतो. वर्षानुवर्षे भरलेल्या व्याजाच्या बेरजेला नाही. बँकेच्या घरकर्जाला तो लावता येत नाही. मात्र महागाईचा हा फायदा ज्याचे उत्पन्न महागाईबरोबर वाढते त्यालाच मिळतो. जिल्हा परिषदेचा शिक्षक, कृषी विद्यापीठातला कर्मचारी, पूर्णा जंक्शनवरचा रेल्वे कामगार यांना महागाई भत्ता आहे. सोयाबीन पिकवणाऱ्याला नाही. २०२४ च्या हंगामात हमीभाव ४,८९२ रुपये असताना बाजारात त्याहून कमी भावाने सोयाबीन विकावे लागले. दोघांचा हप्ता सारखा असला तरी ओझे सारखे नसते, आणि छाननी करताना हा भेद मांडलाच पाहिजे.

दर बदलतो तेव्हा सर्वांत मोठे आणि सर्वांत कमी दिसणारे नुकसान होते. तरत्या दराच्या कर्जात व्याज वाढले की बँका सहसा हप्ता तोच ठेवून मुदत वाढवतात. कर्जदाराला काहीच जाणवत नाही. वरच्याच उदाहरणात सुरुवातीलाच दर ८.५ वरून ९ टक्के झाला आणि हप्ता १७,३५६ च ठेवला, तर कर्ज २४० ऐवजी २६८ व्या हप्त्यात फिटते. जादा भरणा सुमारे ४ लाख ७२ हजार. त्याऐवजी हप्ता ६३८ रुपयांनी वाढवला असता तर वीस वर्षांत जादा गेले असते १ लाख ५३ हजार. अर्धा टक्का तोच, किंमत तिप्पट.

मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ महिन्यांत रेपो दर ४ वरून ६.५ टक्क्यांवर गेला. ७ टक्क्यांनी २० लाख घेतलेल्याचा हप्ता १५,५०६ होता, दर ९.५ झाला की पूर्ण बाकीवर एका महिन्याचे व्याजच १५,८३३ होते. हप्त्यातून व्याजही भागत नाही, आणि हप्ता भरूनही कर्ज वाढत जाते. अशी स्थिती येऊ नये म्हणूनच रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकात दंडक घातला: दर बदलताना कर्जदाराला हप्ता वाढवणे, मुदत वाढवणे, दोन्ही थोडे थोडे करणे, स्थिर दराकडे जाणे किंवा काही रक्कम आधी भरणे हे पर्याय द्यायचे, आणि दर तिमाहीला किती मुद्दल, किती व्याज वसूल झाले व किती हप्ते उरले याचे विवरण द्यायचे. पर्याय दिल्याची नोंद बहुतेक फायलींमध्ये सापडेल. कर्जदाराला तो समजला का, हा प्रश्न निराळा आहे. मोबाइलवर आलेला इंग्रजी संदेश म्हणजे पर्याय देणे नव्हे.

उलट बाजूही आहे. २०२५ मध्ये फेब्रुवारी, एप्रिल आणि जून अशा तीन टप्प्यांत रेपो ६.५ वरून ५.५ वर आला. १ ऑक्टोबर २०१९ पासून व्यापारी बँकांच्या नव्या तरत्या दराच्या घरकर्जांना बाह्य मानदंड सक्तीचा आहे, त्यामुळे ती कपात तिथे तीन महिन्यांच्या आत पोचते. ग्रामीण बँका, सहकारी बँका आणि गृहवित्त कंपन्या यांना ही सक्ती नाही. त्यांच्या कर्जदाराला कपात कधी आणि किती मिळेल हे संचालक मंडळाच्या ठरावावर अवलंबून राहते. शिवाय जुनी खाती आहेत. मराठवाड्यात घराघरांत पोचलेली स्टेट बँक ऑफ हैदराबाद १ एप्रिल २०१७ रोजी स्टेट बँकेत विलीन झाली. तिथे २०१६ पूर्वी घेतलेले एखादे कर्ज अजून बेस रेटवर चालू असेल, तर नव्या पद्धतीत ते बदलून घेता येते हे कर्जदाराला शाखेनेच सांगायला हवे.

आता सुरुवातीच्या खर्चाकडे. प्रोसेसिंग फी आणि तिच्यावरचा जीएसटी, वकिलाचा शोध अहवाल, मूल्यांकन, गहाणखताचे मुद्रांक, गहाणाची सूचना दुय्यम निबंधकाकडे दाखल करण्याचा खर्च, विम्याचा एकरकमी हप्ता, नागरी बँकेत भागभांडवलाची कपात. हे सारे मिळून ६० हजार झाले असे धरले, तर २० लाखांच्या कर्जाचा ८.५ हा दर प्रत्यक्षात ८.९ च्या वर जातो. आणि तेच कर्ज पाच वर्षांत दुसरीकडे वळवले किंवा फेडले, तर प्रत्यक्ष दर ९.३ च्या आसपास पडतो, कारण खर्च वसूल व्हायला वर्षेच कमी मिळतात. पाव टक्का कमी दराच्या जाहिरातीला भुलून कर्ज वळवणाऱ्याला हा हिशेब आधी करून दाखवला पाहिजे.

कर्जविम्याचा वेगळा उल्लेख करावा लागतो. कमावत्या माणसामागे कुटुंबाचे छप्पर राहावे म्हणून विमा हवाच. पण त्याचा ६० हजारांचा हप्ता कर्जात मिळवला की वीस वर्षांत त्याचे १ लाख २५ हजार होतात. विमा कोणत्या कंपनीचा घ्यायचा आणि हप्ता रोख भरायचा की कर्जात मिळवायचा, ही निवड कर्जदाराची आहे. ती आधीच केलेल्या अर्जावर त्याची सही घेणे ही फसवणूक आहे, कितीही रुळलेली असली तरी.

याहून अवघड प्रश्न स्वतःच्या हिश्श्याचा. ३० लाखांपर्यंतच्या कर्जात घराच्या किमतीच्या ९० टक्क्यांपर्यंत रक्कम मिळू शकते, आणि घर दहा लाखांहून महाग असेल तर मुद्रांक शुल्क व नोंदणी फी त्या किमतीत धरता येत नाही. उरलेले दहा टक्के, मुद्रांक आणि नोंदणी असे काही लाख कर्जदाराने उभे करायचे असतात. ते सोनेतारणातून, पतसंस्थेतून किंवा हातउसने येतात. या दुसऱ्या कर्जाचा हप्ता घरकर्जाच्या फायलीत दिसत नाही, पण पहिली तीन-चार वर्षे तोच माणसाला मोडतो.

त्यातही 'सरळ व्याज' हा शब्द आला की सावध व्हावे. ५ लाख रुपये ५ वर्षांसाठी ९ टक्के सरळ व्याजाने म्हणजे २ लाख २५ हजार व्याज आणि १२,०८३ चा हप्ता. घटत्या बाकीवर मोजले तर हा दर पावणेसोळा टक्क्यांच्या जवळ जातो.

जिल्ह्यात बरीच घरे तयार फ्लॅट म्हणून विकत घेतली जात नाहीत. प्लॉट घेऊन बांधली जातात. जोते, लिंटेल, स्लॅब अशा टप्प्यांनी रक्कम उचलली जाते आणि तोपर्यंत उचललेल्या रकमेवर फक्त व्याज भरावे लागते. उन्हाळ्यात पाणी नसले की काम थांबते, पावसात पुन्हा थांबते. सरासरी दहा लाख रुपये उचल आणि बांधकाम दीड वर्ष चालले, तर १ लाख २७ हजार रुपये व्याज जाते आणि मुद्दल एक रुपयानेही कमी होत नाही. त्या काळातले घरभाडे त्यात धरायचे राहिलेच. जागा एन.ए. नसली, गुंठेवारीतली असली किंवा गावठाणातली असून हातात फक्त नमुना ८ चा उतारा असला, तर बँक बहुधा नकार देते आणि तो माणूस जास्त दराच्या दारात जातो. २००१ च्या गुंठेवारी कायद्यातली मुदत २०२१ च्या दुरुस्तीने ३१ डिसेंबर २०२० पर्यंतच्या बांधकामांसाठी वाढवली आहे. कर्जाआधी नियमितीकरण करून घेतल्याने वाचणारे व्याज त्या शुल्काशी ताडून पाहावे. अनेकदा थांबणेच स्वस्त पडते.

सेलू-मानवतच्या बाजारात कापूस विकणाऱ्याला किंवा त्यावर चालणाऱ्या दुकानदाराला बारा सारखे हप्ते जड जातात, पण हंगामात त्याच्या हातात पैसा असतो. त्याने दरवर्षी हप्त्यांखेरीज २५ हजार मुद्दलात भरले, तर वरचे कर्ज २४० ऐवजी १८८ व्या हप्त्यात संपते आणि भरलेली जादा रक्कम जमेस धरूनही एकूण सुमारे ५ लाख ४० हजार वाचतात. बँकांना वैयक्तिक तरत्या दराच्या घरकर्जावर मुदतपूर्व फेडीचे शुल्क लावायला २०१२ पासून बंदी आहे. रक्कम भरताना 'हप्ता तोच ठेवून मुदत कमी करा' असे लेखी देणे आवश्यक आहे, नाहीतर फायद्याचा मोठा भाग हातचा जातो.

करसवलतीचा आधार आता पूर्वीइतका उरलेला नाही. स्वतः राहत्या घराच्या व्याजावरील दोन लाखांची वजावट जुन्या करप्रणालीतच मिळते. प्रधानमंत्री आवास योजना शहरी २.० मध्ये वार्षिक ९ लाखांपर्यंत उत्पन्न, ३५ लाखांपर्यंतचे घर आणि २५ लाखांपर्यंतचे कर्ज असेल तर जास्तीत जास्त १ लाख ८० हजारांचे व्याज अनुदान पाच वार्षिक हप्त्यांत मिळते. पात्र कर्जदाराचा अर्ज करून देणे हे शाखेचेच काम समजावे.

१ ऑक्टोबर २०२४ पासून बँका, सहकारी बँका व गृहवित्त कंपन्यांना प्रत्येक किरकोळ कर्जासोबत की फॅक्ट स्टेटमेंट देणे बंधनकारक आहे. त्यात सर्व शुल्कांसह वार्षिक दर आणि परतफेडीचा तक्ता असावा लागतो, ते कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत असावे लागते, आणि त्यात न दाखवलेले शुल्क त्याच्या स्पष्ट संमतीशिवाय पुढे लावता येत नाही. विचार करायला किमान तीन कामाचे दिवसही मिळतात. परभणीत समजणारी भाषा मराठी आहे, काही घरांत उर्दू. पतसंस्था रिझर्व्ह बँकेच्या कक्षेत नसल्याने त्यांना हा नियम लागू नाही. पण सभासदाचे हित जपण्यासाठी उभ्या राहिलेल्या संस्थेने परिपत्रकाची वाट पाहू नये.

कर्ज फिटल्यावरही खर्च उरतो. मूळ कागदपत्रे ३० दिवसांत परत देणे १ डिसेंबर २०२३ पासून बंधनकारक आहे, आणि उशीर कर्ज देणाऱ्याकडून झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते. सातबारा किंवा मालमत्ता पत्रकावरचा बोजा मात्र आपोआप उतरत नाही. तो राहिला तर पुढची विक्री, वारसनोंद, मुलांचे शिक्षणकर्ज सारे अडते. शाखाधिकाऱ्यांनी 'बेबाकी'च्या दाखल्यासोबतच बोजा कमी करण्याचे पत्र तलाठी किंवा नगरभूमापन कार्यालयाच्या नावे तयार करून कर्जदाराच्या हाती द्यावे, आणि नव्या कर्जदाराला सही करण्यापूर्वी साठाव्या हप्त्यानंतर किती बाकी उरेल तो आकडा तक्त्यात बोट ठेवून दाखवावा.