धबधबा मागाहून



पाऊस लागला की खारघरच्या डोंगराखाली कॅमेरेवाले जमतात. पांडवकडा, ढग, हिरवळ. गोल्फ कोर्सवरून ड्रोन फिरवायचा आणि म्हणायचं, काय निसर्ग आहे! त्याच डोंगरावर फणसवाडी आहे, चाफेवाडी आहे. आदिवासी राहतात. ते मधे आले की म्हणे फ्रेम बिघडते.

बिघडू द्या की लेकहो!

१९७० साली सिडको आली, ९५ गावांच्या जमिनी गेल्या. पुढं साडेबारा टक्क्यांची योजना झाली. पण ज्याच्या नावावर सातबाराच नव्हता, जो दुसऱ्याच्या खाचरात राबत होता, त्याला कशाचे साडेबारा टक्के? हे तुमच्या कुठल्या निसर्गचित्रात दिसतं ते दाखवा.

परवा इथल्याच एका फिल्मवाल्याशी जुंपली. नागराज मंजुळेच्या 'फँड्री'तलं (२०१३) माळरान आणि काळी चिमणी यावर तासभर बोलला. काय अवकाश, काय प्रकाश! जब्याची जात मात्र एकदाही तोंडातून निघाली नाही. अरे, ते माळ नुस्तं माळ नाही. कैकाड्याचं घर गावाबाहेर का, ते तिथं जागाच सांगते. नागराज करमाळ्याच्या जेऊरचा, वडाराचा पोर. त्यानं जागा अंगावर घेऊन बघितलीय. राष्ट्रगीत सुरू होतं, माणसं जागच्या जागी उभी, आणि डुक्कर निसटतं. मग तेच डुक्कर काठीला बांधून जब्याच्या घरची माणसं चालतात, मागं शाळेच्या भिंतीवर बाबासाहेब, जोतीराव, सावित्रीमाई. कॅमेरा भाषण ठोकत नाही. थांबून बघतो. आणि शेवटी जब्याचा धोंडा थेट आपल्या तोंडावर.

तेव्हा शांत कॅमेऱ्याशी आपलं भांडण नाही. घोषणा नाही म्हणजे सिनेमा आपला नाही, असं आपल्यातलेच काही म्हणतात, तेही खोटं. भांडण आहे ते कॅमेरा कुठं उभा आहे यावर.

याच खारघरात १६ एप्रिल २०२३ ला महाराष्ट्र भूषणचा सोहळा झाला. लाखोंची गर्दी, भर उन्हात. वरून घेतलेली चित्रं केवढी देखणी! माणसं म्हंजे ठिपके. मंचाला छप्पर होतं, खाली नव्हतं. चौदा माणसं उष्माघातानं गेली. वरून घेतलेल्या चित्रात तहान दिसत नाही गड्या.

पोरांनो, हातात मोबाईल आहे ना? फणसवाडीची वाट चढा. भर पावसात तिथली पोरं शाळेला कुठनं जातात, आजारी माणूस खाली कसा आणतात, तिथं उभं राहून घ्या. ज्याला घेताय त्याला आधी विचारा. धबधबा मागाहून.