सळयांचा हिशेब

‘घर पाहावे बांधून’ असे जाणते सांगून गेले. पण घर बांधताना चोर कसा ओळखावा, हे काही त्यांनी सांगितले नाही!

आमच्या बांधकामावर सळया कमी पडू लागल्या, तेव्हा साऱ्या घराने एकमुखाने रखवालदाराला चोर ठरवले. बिचारा मुकाट्याने ऐकून घेई. अखेर एका इंजिनियर स्नेह्याने हिशेब शिकवला : सळईच्या मिलिमीटरमधील जाडीचा वर्ग करून त्याला १६२ ने भागावे, मीटरमागे किती किलो ते निघते. म्हणजे १२ मिलिमीटर जाडीची १२ मीटर सळई सुमारे १०.७ किलो भरावी. पुढच्या ट्रकमधल्या सळया मोजल्या, गुणाकार केला आणि पावतीशी ताडून पाहिला. पावतीवर वजन पुष्कळच जास्त! चोरी रात्री कुंपणावरून नव्हे, तर भरदिवसा फाटकातून, माझ्याच सहीने होत होती.

तेव्हापासून माल मोजल्याखेरीज सही नाही. सिमेंटच्या रिकाम्या पिशव्यासुद्धा मोजून ठेवतो.

वास्तुशांतीला पहिले पान रखवालदाराचे मांडले. तो पोटभर जेवला. माझ्या घशाखाली मात्र घास उतरेना.