ट्रॅप कॅमेरा कुणाच्या बांधावर?



रानडुकरांचा कळप रात्री भुईमुगात शिरतो आणि उजाडेपर्यंत अर्धा एकर नांगरून ठेवतो. सकाळी शेतकरी अर्ज घेऊन निघाला की त्याला पहिला प्रश्न येतो, 'डुकरानेच खाल्ले याला पुरावा काय? तुझीच गुरे शिरली नसतील कशावरून?' शेळी गेली तर 'बिबट्या कशावरून, कुत्री कशावरून?' ज्याची चोरी झाली त्यानेच चोर ओळखून दाखवायचा, असा हा न्याय! त्यातून हा चोर सरकारी संरक्षणातला. 1972 च्या वन्यजीव संरक्षण कायद्यात 2022 साली दुरुस्ती झाली. तिच्यानुसार बिबट्या पहिल्या अनुसूचीत आहे, रानडुक्कर दुसऱ्या. परवानगीवाचून मारले तर शेतकरी आरोपी. म्हणजे जनावर सरकारने पाळायचे, चारा शेतकऱ्याने घालायचा आणि चारा घातल्याचा पुरावाही शेतकऱ्यानेच द्यायचा.

पुरावा देणारे यंत्र मात्र जगात आहे आणि सरकारकडे ते ढिगाने आहे. त्याला ट्रॅप कॅमेरा म्हणतात. जनावर समोरून गेले की त्याच्या अंगाची ऊब आणि हालचाल ओळखून तो आपोआप फोटो काढतो, वर तारीख आणि वेळ छापतो. ही कल्पना नवी नाही. चॅम्पियन नावाच्या इंग्रज वनाधिकाऱ्याने 1920 च्या दशकात वाटेवर तार बांधून वाघांचे रात्रीचे फोटो काढले होते. 1990 च्या दशकात उल्हास कारंत यांनी कर्नाटकातील नागरहोळेत कॅमेऱ्याने वाघ मोजण्याची शास्त्रीय पद्धत बसवली. 2018 च्या देशव्यापी व्याघ्रगणनेत 26,838 ठिकाणी कॅमेरे लागले, सुमारे 3 कोटी 48 लाख फोटो निघाले, त्यात बिबट्याचे 51,777. गिनीज बुकात त्याची नोंद झाली. वाघ मोजायला कोट्यवधी फोटो. आणि शहाद्याच्या केळीत, तळोद्याच्या उसात, धडगावच्या मक्यात कोण शिरले हे सांगायला एक फोटो मिळू नये?

कॅमेरा शेतात आला की काय होते, याचे उदाहरण आपल्याच राज्यात आहे. अहमदनगर, म्हणजे आताच्या अहिल्यानगर जिल्ह्यातील अकोले तालुक्यात विद्या अत्रेय आणि सहकाऱ्यांनी उसाच्या शिवारात ट्रॅप कॅमेरे लावले. 2013 साली निष्कर्ष छापून आले. जिथे राखीव जंगल नाही आणि चौरस किलोमीटरला तीनशेच्या वर माणसे राहतात, तिथे शंभर चौरस किलोमीटरमागे जवळजवळ पाच प्रौढ बिबटे निघाले. 'जंगलातून भरकटून आला' ही सरकारी भाषा त्या फोटोंनी खोटी ठरवली. बिबट्या उसात जन्मतो, उसात वाढतो. तापीकाठच्या शेतकऱ्याला हे सांगायला शास्त्रज्ञ नको होता. पण शेतकऱ्याचे तोंडी सांगणे कागदावर चढत नाही, फोटो चढतो.

आता एक गोष्ट आपल्या माणसांना कडू लागेल, तरी सांगतो. तळोद्याकडे गेल्या काही वर्षांत बिबट्याच्या हल्ल्यात माणसे दगावली. अशा वेळी 'पिंजरा लावा, उचला, दूर सोडा' हीच मागणी पुढे येते. माणूस मारणारा बिबट्या ओळखून पकडलाच पाहिजे. पण दिसेल तो बिबट्या उचलून दुसरीकडे सोडण्याचा प्रयोग जुन्नरला 2001 ते 2003 मध्ये झाला. त्याआधी वर्षाला सरासरी चार हल्ले होते, ते सतरावर गेले. जिथे बिबटे सोडले, तिथल्याही लोकांवर हल्ले वाढले. आपल्या शिवारातले संकट अक्कलकुव्याच्या पाड्यावर नेऊन टाकायचे, याला चळवळ म्हणत नाहीत. कॅमेरा इथेच कामाला येतो. प्रत्येक बिबट्याचे ठिपके वेगळे, माणसाच्या अंगठ्याच्या ठशासारखे. कोणता बिबट्या कोणत्या वाटेने येतो हे फोटोवरून कळते. मग पिंजरा नेमका लागतो.

लावायचा कसा? डुकरांची आणि बिबट्याची वाट शोधा. ती बहुतेक नाल्याकडून बांधावर चढते. खोडाला किंवा रोवलेल्या खांबाला, गुडघ्याच्या उंचीवर, वाटेपासून तीन-चार मीटरवर कॅमेरा बांधा. तोंड उत्तरेला असू द्या; पूर्व-पश्चिम ठेवला तर उगवता-मावळता सूर्य समोर येऊन फोटो वाया जातात. समोरचे गवत आणि हलणारी पाने काढा, नाहीतर वाऱ्यानेच मेमरी कार्ड भरेल. एप्रिल-मेच्या उन्हात हवा जनावराच्या अंगाइतकी तापते, तेव्हा दुपारी कॅमेरा चुकतो. रात्री तो बरोबर चालतो आणि आपले नुकसान रात्रीचेच आहे. बिबट्या ओळखायचा तर वाटेच्या दोन्ही बाजूंना एकेक कॅमेरा हवा, कारण दोन्ही कुशींचे ठिपके वेगळे असतात. तारीख आणि वेळ पहिल्याच दिवशी बरोबर लावा. चुकीच्या तारखेचा फोटो पंचनाम्यात उलटा आपल्याच गळ्यात येतो. राखीव जंगलात परवानगीवाचून लावू नका.

काही जण म्हणतील, वाट कळली की फासे लावू, बंदूक घेऊन बसू, तारेत करंट सोडू. हे चालणार नाही. वन हक्क कायदा 2006 मध्ये आपण भांडून हक्क मिळवले. त्यातही शिकारीचा हक्क स्पष्ट वगळलेला आहे. बिबट्या मारला तर किमान तीन वर्षे कैद. करंटची तार डुक्कर आणि माणूस यांत फरक करत नाही. पहाटे पाणी धरायला निघालेला शेजारी तिच्यावर मरतो. पिकाचा फडशा पाडणाऱ्या डुकराला मारण्याची परवानगी कायद्याच्या कलम 11 खाली मागता येते. ती उघड मागू, फोटो जोडून मागू.

आणि वनखात्यालाही एक गोष्ट बजावली पाहिजे. जंगलातला कॅमेरा नुसते जनावर टिपत नाही. सरपणाला, मोहाला, आडोशाला गेलेली बाईही टिपतो. उत्तराखंडात कॉर्बेटच्या परिसरात असे फोटो बाहेर फुटले, बायकांना धाक घालायला कॅमेरे वापरले गेले, हे 2024 मध्ये प्रसिद्ध झालेल्या संशोधनात नोंदले आहे. सातपुड्यात हे होऊ देणार नाही. वन हक्क कायद्याच्या कलम 5 ने वन्यजीव आणि जंगल राखण्याचा अधिकार ग्रामसभेला दिला आहे. तेव्हा कॅमेरा कुठे लागतो हे ग्रामसभेला कळलेच पाहिजे.

वेळ आत्ताच का? नोव्हेंबर 2025 मध्ये केंद्र सरकारने जाहीर केले की खरीप 2026 पासून वन्यप्राण्यांनी केलेले पिकाचे नुकसान पीक विम्यात धरता येईल. पण कोणते प्राणी आणि कोणते भाग, हे राज्याने ठरवायचे. शेतकऱ्याने 72 तासांत, ठिकाणाची नोंद असलेल्या फोटोंसह कळवायचे. ज्या पाड्यावर मोबाइलला रेंज नाही तिथल्या माणसाने काय करायचे, याचा विचार मुंबई-दिल्लीत कोण करणार? तो आपणच करायला लावायचा आहे. म्हणून जिल्हा मेळाव्यापुढे हे ठराव मांडत आहोत:

1. पीक विम्याच्या वन्यप्राणी यादीत रानडुक्कर घ्यावे आणि नंदुरबार जिल्ह्याचे सहाही तालुके घ्यावेत.

2. तारीख-वेळ असलेला ट्रॅप कॅमेऱ्याचा फोटो पंचनाम्यात पुरावा म्हणून धरावा. फोटो नाही म्हणून कोणाचाही अर्ज फेटाळू नये.

3. मोबाइलला रेंज नसलेल्या पाड्यांवर ग्रामपंचायतीत दिलेली लेखी सूचना 72 तासांच्या आत धरावी.

4. मागणाऱ्या प्रत्येक ग्रामसभेला वनखात्याने कॅमेरे द्यावेत. पेसाच्या 5 टक्के निधीतूनही ते घेता यावेत, तसा स्पष्ट आदेश निघावा.

5. जंगलात लावलेल्या कॅमेऱ्यांची जागा ग्रामसभेला कळवावी. त्यात आलेले माणसांचे फोटो पुसावेत; पसरवणाऱ्यावर गुन्हा नोंदवावा.

मेळाव्याला येताना गेल्या हंगामातील नुकसानीची नोंद आणा: गाव, गट नंबर, पीक, तारीख, किती गुंठे गेले, अर्ज केला का, पैसे मिळाले का. पाड्यापाड्यावरचे हे कागद एकत्र जोडून जिल्हाधिकारी आणि उपवनसंरक्षक यांच्या टेबलावर ठेवायचे आहेत.