फ्रान्सची कदर : एक सोयीस्कर गैरसमज

मराठी साहित्यव्यवहाराच्या दुरवस्थेची चर्चा निघाली की एक वाक्य हमखास ऐकू येते : लेखकाची कदर करावी ती फ्रान्सनेच! पुराव्यादाखल पॅरिसच्या पाँतेआँकडे, म्हणजे राष्ट्राने आपल्या थोरांसाठी राखलेल्या समाधिमंदिराकडे बोट दाखवले जाते. हा पुरावा आम्हांला मान्य नाही.

ज्या व्हॉल्तेअरच्या अस्थी १७९१ मध्ये तेथे वाजतगाजत नेल्या, त्याने हयातीत बास्तीयचा तुरुंग भोगला होता. १७७८ मध्ये तो वारला तेव्हा पॅरिसमध्ये त्याला ख्रिस्ती विधीने दफनही मिळाले नाही. बोदलेअरला १८५७ मध्ये ३०० फ्रँकचा दंड झाला आणि त्याच्या सहा कविता संग्रहातून वगळण्याचा हुकूम निघाला. तो निकाल रद्द व्हायला १९४९ साल उजाडले. मारी क्युरींना विज्ञान अकादमीने १९११ मध्ये सदस्यत्व नाकारले आणि त्याच वर्षी त्यांना दुसरे नोबेल मिळाले. पाँतेआँचे दार त्यांच्यासाठी उघडले ते १९९५ मध्ये.

‘उशिरा का होईना, कदर झाली ना?’ असे कुणी म्हणेल. झाली, पण कुणी केली? द्रेफ्यूस या निरपराध ज्यू अधिकाऱ्याची बाजू घेऊन झोलाने १८९८ मध्ये राष्ट्राध्यक्षांना जाहीर पत्र लिहिले. त्यापायी त्याला शिक्षा झाली, इंग्लंडला पळावे लागले. १९०८ मध्ये त्याच्या अस्थी पाँतेआँत नेल्या, तेव्हा त्या समारंभातच एका पत्रकाराने द्रेफ्यूसवर गोळ्या झाडल्या, आणि ज्यूरीने त्या पत्रकाराला निर्दोष सोडले! अशा वेळी ‘फ्रान्सने’ झोलाचा गौरव केला, या विधानाला अर्थ काय उरतो? एका फ्रान्सने दुसऱ्या फ्रान्सशी झगडून तो गौरव मिळवला, इतकेच म्हणता येईल.

आमचा आक्षेप आहे तो आपल्या वर्गांतील थोरांच्या याद्यांना. जन्म, मृत्यू, ग्रंथ, सन्मान एवढेच त्यांत असते. खटला, दंड, नकार यांना जागा नसते. अशी यादी पाठ करणारा विद्यार्थी कदर ही सरकारने बहाल करायची वस्तू आहे असे समजून बसतो आणि पुढे जन्मभर सरकारच्या नावाने खडे फोडतो. झोलाच्या बाजूने सह्या करणारे लोक प्राध्यापक, लेखक, विद्यार्थी होते आणि तो हयात असताना, त्याच्यावर खटला चालू असताना त्यांनी त्या केल्या. फ्रान्सकडून काही घ्यायचेच असेल, तर ते हे घ्यावे.