उतरून पुन्हा चढण्याचं तिकीट

तिकिटाचं मशीन हातात यायच्या आधीची गोष्ट. खांद्याला पैशाची चामडी बॅग, हातात तिकिटांचा ट्रे आणि चिमटा. मोर्शीहून चांदूर बाजारकडे जाणाऱ्या गाडीत एक म्हातारी खिडकीशी बसली होती. अंगावर पंजाबी पेहराव, सोबत नातू. मी तिकीट विचारलं, तर हात जोडून म्हणाली, ''दंडवत प्रणाम. ऐसे तिकीट द्यावे की मी रिद्धपुरी उतरीन, स्थाने वंदीन आणि मागील गाडीत बैसून पुढे जाईन.''

क्षणभर मला कळेना की ही बाई कुठली. पंजाबात महानुभाव पंथाला जयकृष्णी म्हणतात. तिकडच्या उपदेशी घरांमधून पोथीतली मराठी पिढ्यान्‌पिढ्या जपली गेली आहे. ही म्हातारी बाजारात पंजाबी बोलत असेल. देवाच्या गावी आली तेव्हा मात्र सातशे वर्षांपूर्वीच्या वळणाची मराठी बोलत होती. माझं गावच रिद्धपूर, त्यामुळे अंगावर काटा आला. पण हातातल्या ट्रेमध्ये तिला हवं ते तिकीट नव्हतं.

''माय, दोन तिकिटं घ्या लागतीन. एक रिद्धपूरपर्यंत, एक तिथून पुढचं.''

''उतरण्याचेही द्रव्य निराळे?'' तिने विचारलं. तक्रार म्हणून नाही, खरंच समजत नव्हतं म्हणून. मी दोन तिकिटं फाडली. 1986 ते 2017 या 31 वर्षांत मी किती तिकिटं फाडली त्याचा हिशेब नाही, पण ही दोन लक्षात राहिली.

तिच्या प्रश्नात तथ्य होतं. एसटीचं भाडं टप्प्यावर चालतं आणि एक टप्पा सहा किलोमीटरचा. आठ किलोमीटर गेलात तरी दोन टप्पे. म्हणजे सोळा किलोमीटरचा प्रवास सलग केला तर तीन टप्पे, आणि मध्ये आठव्या किलोमीटरला उतरून पुन्हा चढलात तर दोन अधिक दोन, चार टप्पे. फरक थोड्या रुपयांचा आहे. पण जो मध्ये उतरतो, त्याचं तिकीट जास्त होतं. सरळ निघून जाणाऱ्याला ते स्वस्त पडतं. कामावर जाणाऱ्यासाठी हा हिशेब ठीक आहे. पाहायला, दर्शनाला, जुनं काही शोधायला निघालेल्या माणसासाठी तो उलटा आहे, कारण त्याचा सगळा प्रवासच उतरण्यासाठी असतो.

हे आज लिहायला बसलो त्याला कारण आहे. रिद्धपुरात मराठी भाषा विद्यापीठ सुरू झालं. 3 ऑक्टोबर 2024 रोजी मराठीला अभिजात भाषेचा दर्जा मिळाला आणि लीळाचरित्र या महानुभाव ग्रंथाचं नाव पुन्हा सगळ्यांच्या तोंडी आलं. तेराव्या शतकाच्या उत्तरार्धात म्हाइंभटांनी तो ग्रंथ इथे, वाजेश्वरीला बसून लिहिला. महदाइसा, आपली आद्य कवयित्री, इथेच, पंथप्रवर्तक चक्रधरस्वामींचे गुरू गोविंदप्रभू यांच्या सेवेत राहिली. अभिजात दर्जा मिळाल्यापासून 'एका तिकिटात दर्शन' ही कल्पना जो तो मांडतो आहे. अमरावतीहून सकाळी एसी गाडी, अंबादेवी, रिद्धपूर, गुरुकुंज मोझरी, संध्याकाळी परत. माझा या कल्पनेला विरोध नाही. एकत्र तिकीट ही चांगलीच गोष्ट आहे. पण त्यात नेमकं काय एकत्र करायचं, हे आधी ठरवावं लागेल.

काही वर्षांपूर्वी मी आणि मंडळी एका मोठ्या शहरात पुतण्याकडे गेलो होतो. त्याने मायेने एका खासगी पर्यटन कंपनीचं दिवसभराचं तिकीट काढून दिलं. सात ठिकाणं, एक तिकीट. गाडी उशिरा सुटली आणि तो उशीर प्रत्येक ठिकाणी आमच्याकडून वसूल झाला. ''वीस मिनिटं,'' असं ओरडून गाइड उतरायचा. एका जुन्या वाड्यात बायकोने कोरीव खांबाला हात लावला, ती मान वर करून तुळई पाहत होती, तोवर शिट्टी वाजली. सातवं ठिकाण बंद झालेलं होतं, त्याचे पैसे परत आले नाहीत. रात्री पुतण्याने विचारलं, काय काय पाहिलं? बायकोला तो खांब सोडून काही आठवेना. आयुष्यभर मी घंटी वाजवून लोकांना गाडीत चढवलं आहे, पण एखाद्याला देवळातून घाईने ओढून आणण्यासाठी कधी वाजवली नाही.

एकत्र तिकीट चांगलं चालतं अशी उदाहरणं देशात आहेत. जयपूरला आमेर, नाहरगड, हवामहल, जंतरमंतर, अल्बर्ट हॉल आणि आणखी काही ठिकाणं एकाच तिकिटावर दोन दिवसांत पाहता येतात. हंपीला विठ्ठल मंदिराचं तिकीट जपून ठेवलं तर त्याच दिवशी कमलमहाल, हत्तीखाना आणि कमलापूरचं संग्रहालय त्यावरच होतं. दोन दिवस ही मुदत मला आवडते. थकलं की बसायची, उद्या उरलेलं पाहायची सोय त्यात आहे.

महाराष्ट्रात पाहा. अजिंठा आणि वेरूळ दोन्ही 1983 पासून जागतिक वारशाच्या यादीत आहेत. दोघांमध्ये शंभरेक किलोमीटर. तिकिटं वेगळी. अजिंठा सोमवारी बंद, वेरूळ मंगळवारी बंद. अजिंठ्याला स्वतःच्या गाडीने गेलात तरी ती फर्दापूरच्या टी-पॉइंटवर ठेवावी लागते, पुढचे चार किलोमीटर एसटीच्या गाडीने, त्याचं वेगळं तिकीट. ही व्यवस्था धूर लेण्यांपासून दूर राहावा म्हणून आहे आणि योग्यच आहे. पण एका पावतीत गाडी आणि लेणी दोन्ही बसवायला काय हरकत आहे? वऱ्हाडातला माणूस सोमवारी सुटी टाकून अजिंठ्याला पोचतो आणि कुलूप पाहून परत येतो. त्याला बंदचा वार तिकिटावरच छापलेला मिळाला असता तर हेलपाटा वाचला असता.

आता आमचा मुलूख घ्या. रिद्धपुरात तिकीट नाहीच. राजमठाला नाही, वाजेश्वरीला नाही. महानुभावांची स्थानं म्हणजे बहुतेक ओटे. प्रभू इथे बसले, इथे उभे राहिले, इथे कुणाच्या घरात शिरून जेवले, एवढ्याचीच ती खूण. भाविक ओट्याला माथा टेकतो आणि पुढच्या ओट्याकडे चालू लागतो. गोविंदप्रभू गावभर हिंडत, कुणाच्याही दारात जात, जातपात पाहत नसत. म्हणून स्थानंही गावभर विखुरली आहेत. ती पाहायची तर गल्लीबोळातून पायी फिरावं लागतं आणि दुपार जाते. फाटक नाही, तिथे फाटकाचं तिकीट एकत्र कशाशी करणार?

इथे येणाऱ्याला फाटक अडवत नाही, त्याला गाडी अडवते. सकाळच्या गाडीने आलेला माणूस दुपारी फाट्यावर उभा राहतो आणि परतीची गाडी कधी, हे पानटपरीवाल्याला विचारतो. दोन-तीन तास उन्हात उभं राहिलेली माणसं मी पाहिली आहेत. पुढच्या वेळी ती स्वतःची गाडी करून येतात, नाहीतर येतच नाहीत.

एसटीत 1988 पासून 'आवडेल तेथे प्रवास' हा पास आहे. मी नोकरीला लागून दोनच वर्षं झाली होती. पासवाला चढला की मला आनंद व्हायचा, कारण त्याच्याशी सुट्या पैशांवरून वाद नाही, तो कुठेही उतरो. अष्टविनायक करणारी जोडपी, निवृत्त मास्तर, परीक्षा संपलेली पोरं. सध्या हा पास चार आणि सात दिवसांचा मिळतो. कोकणापासून इकडपर्यंत राज्यभर फिरणाऱ्याला तो सोयीचा आहे. पण आमच्या रिद्धपूरच्या गाडीत पासवाला क्वचितच दिसला. ज्याला अमरावतीहून निघून एका दिवसात जवळचं काही पाहायचं आहे, तो चार दिवसांचा पास कशाला काढेल?

म्हणून माझी मागणी साधी आहे. जिल्ह्यापुरता एक दिवसाचा आणि दोन दिवसांचा पास काढा. एका आगारात काढला की जिल्ह्यातल्या कुठल्याही साध्या गाडीत चालावा, कितीदाही उतरावं, कितीदाही चढावं. 17 मार्च 2023 पासून महिलांना एसटीत अर्धं तिकीट झालं आणि ज्या बायका माहेर आणि दवाखाना सोडून कुठे जात नव्हत्या, त्या गटागटाने देवदर्शनाला निघाल्या. मी आता प्रवासी म्हणून मागच्या बाकावर बसतो, तेव्हा त्यांच्या गप्पा ऐकतो. मलाही ज्येष्ठ म्हणून हाफ तिकीट लागतं. पासाची किंमत ठरवताना ही सवलत धरलीच पाहिजे, नाहीतर तो पास ज्यांना सगळ्यात जास्त हवा, त्यांनाच महाग पडेल.

दोन दिवसांत काय होईल, मी सांगतो. पहिल्या दिवशी सकाळी रिद्धपूर, दुपारपर्यंत पायी. मग चांदूर बाजारवरून अचलपूर. जवळच अष्टमासिद्धी, तेही महानुभावांचं तीर्थ. अचलपूर म्हणजे इमादशाहीची राजधानी. गावाबाहेरचा हौज कटोरा, पाण्याच्या गोल टाक्यात उभी केलेली अष्टकोनी इमारत, आमच्या भागातल्याही अर्ध्या लोकांनी पाहिलेली नाही. मुक्काम परतवाड्याला. दुसऱ्या दिवशी घाट चढून चिखलदरा आणि गाविलगड, जो 1803 च्या डिसेंबरात इंग्रजांनी घेतला. दरवाजावरचं गंडभेरुंड शिल्प नीट पाहायला अर्धा तास तरी हवा. पुढे मेळघाटच्या जंगलात शिरायचं तर प्रवेशाची पावती, गाडीची पावती, वाटाड्याची पावती. या तीन पावत्या पासाला जोडून आगारातच मिळाल्या, तर खेड्यातल्या माणसाची भीती जाईल. तीन खिडक्यांसमोर उभं राहायचं म्हटलं की तो बिचकतो आणि पॉइंटवरून दरी पाहून परत येतो.

कुणी म्हणेल, एसटीला हा तोटा परवडेल का? मी वेबिल भरलेली आहेत. दुपारच्या गाड्या रिकाम्या धावताना पाहिलेल्या आहेत. सकाळी शाळा-कॉलेजची आणि कचेरीची गर्दी, संध्याकाळी परतीची. मधल्या वेळेत डिझेल तेवढंच जळतं, चालक-वाहकाचा पगार तेवढाच. त्या रिकाम्या बाकांवर पासवाले बसले तर महामंडळाचं काही जात नाही. पास मधल्या वेळेपुरता स्वस्त ठेवा, हवं तर.

आणखी एक गोष्ट पासाबरोबर द्यावी. महानुभावांकडे चौदाव्या शतकातली स्थानपोथी आहे. चक्रधरस्वामी आणि गोविंदप्रभू कुठे राहिले, दार कुठल्या दिशेला, देऊळ कुठल्या बाजूला, असं गावोगावचं तपशीलवार टिपण. वि. भि. कोलते यांच्यासारख्या वऱ्हाडातल्याच संशोधकाने या पंथाच्या ग्रंथांवर आयुष्य घालवलं. इतकी जुनी, इतकी नेमकी वाटाडी वही ज्या भाषेत आहे, त्या भाषेच्या विद्यापीठाच्या गावात प्रवाशाच्या हाती आज एक साधा नकाशा पडत नाही, याचं मला मनापासून वाईट वाटतं. विद्यापीठातल्या मुलांनी तो करावा. एका कागदावर, मोठ्या अक्षरात, कुठला ओटा कुठल्या गल्लीत, कुठे पाणी मिळेल, कुठे सावली आहे. पंथातले महंत आणि तपस्विनी त्यांना हौसेने सांगतील. त्यांना प्रत्येक ओटा ठाऊक आहे.

ज्यांचं व्रतच अटनाचं, एका जागी फार न थांबता गावोगाव फिरण्याचं, त्या महानुभावांच्या काशीला, रिद्धपूरला यायला माणसाला भाड्याची गाडी करावी लागू नये, एवढंच मला म्हणायचं आहे.

त्या पंजाबी माउलीला मी रिद्धपूरच्या फाट्यावर उतरवलं. नातवाचा हात धरून ती गावाकडे चालू लागली. परतीच्या फेरीत मी खिडकीतून पाहत होतो, पण ती दिसली नाही. पुढची गाडी तिला किती वाजता मिळाली, कुणास ठाऊक. तेव्हा फाट्यावर वेळा लिहिलेली पाटी नव्हती, आजही नाही. पास यायला वेळ लागेल, मंजुऱ्या लागतील, हे मला माहीत आहे. पाटी मात्र उद्या लागू शकते. पत्रा आणि रंग माझा. अक्षर बरं आहे. चारही बाजूंच्या गाड्यांच्या वेळा मला कुणीतरी खात्रीने सांगा आणि मग त्या पाळा.