चार शब्दांचे एक वाक्य

'अमेरिकेत गांजा कायदेशीर झाला' हे वाक्य गेली काही वर्षे आपल्याकडे बोलण्यात आणि लिहिण्यात सर्रास भेटते. वाक्य चार शब्दांचे आहे, आणि आमच्या मते त्यातला एकही शब्द जागेवर नाही. हा दोष बातमीदारांच्या माथी मारून मोकळे होता आले असते. परंतु हे वाक्य निःशंकपणे उच्चारणाऱ्यांत साहित्याचे अध्यापकही आहेत, जे एरवी कवितेतल्या एका अव्ययावर तासभर बोलू शकतात. कायद्याचा मजकूर हा वाचण्याचा मजकूर नव्हे, तो वकिलांनी वापरण्याचा ऐवज आहे, अशी समजूत आपल्या भाषाविभागांत रुजलेली आहे. आमचे भांडण त्या समजुतीशी आहे.

पहिले दोन शब्द लवकर निकालात काढता येतात. 'अमेरिकेत' नव्हे, तिच्या काही राज्यांत. २०१२ च्या नोव्हेंबरात कोलोराडो आणि वॉशिंग्टन या राज्यांच्या मतदारांनी प्रथम कौल दिला. २०२३ अखेर अशा राज्यांची संख्या २४ झाली. या कायद्यांत एकवाक्यता शोधू नये. कोलोराडोने प्रौढ व्यक्तीला घरी सहा रोपे लावण्याची मुभा दिली. वॉशिंग्टनच्या त्याच दिवशीच्या कौलाने दुकाने आली, पण मौजेखातर सेवन करणाऱ्याला घरी रोप लावता आले नाही. 'गांजा' या शब्दाची कथा याहून रंजक आहे. मराठीत या एका वनस्पतीसाठी गांजा, भांग आणि चरस असे तीन स्वतंत्र शब्द आहेत, आणि आपल्या १९८५ च्या अमली पदार्थविषयक केंद्रीय कायद्यानेही तो भेद राखला आहे. त्यात गांजा म्हणजे फुलोऱ्याचे शेंडे. शेंड्यांवाचूनची पाने आणि बिया त्या व्याख्येत येत नाहीत, म्हणूनच भांग राज्यांच्या अखत्यारीत राहिली. अमेरिकी राज्यांच्या कायद्यांतला शब्द मात्र फुलोरा, अर्क, त्याची गोळ्या-बिस्किटे अशा सर्वांना कवेत घेतो. त्याचे भाषांतर 'गांजा' असे केले की आपल्या भाषेने शतकानुशतके जपलेला विवेक आपणच पुसून टाकतो. मूळचा शब्दही काही निष्पाप नाही. १९३७ च्या केंद्रीय करकायद्याने वैद्यकातले 'कॅनबिस' दूर ठेवून मेक्सिकोच्या स्पॅनिशमधून आलेले 'मारिवाना' शीर्षकात घेतले. वॉशिंग्टन राज्याने २०२२ मध्ये तो शब्द आपल्या कायद्यांतून काढून पुन्हा 'कॅनबिस' आणला. एका नामासाठी विधिमंडळ कायदा करते, आणि आम्ही भाषेचे लोक मथळा वाचून पान उलटतो! असो.

खरा प्रश्न 'कायदेशीर' या विशेषणाचा आहे. कोलोराडोच्या घटनेत मतदारांनी घातलेले कलम आम्ही एखादा उतारा वाचावा तसे वाचले. प्रयोजन सांगणाऱ्या आरंभीच्या वाक्यात तीन हेतू येतात आणि त्यांचा क्रम असा: पोलिसयंत्रणेच्या साधनांचा कार्यक्षम वापर, सार्वजनिक कामांसाठी महसूल, आणि मग व्यक्तिस्वातंत्र्य. या कायद्यांत ज्यांना साठच्या दशकातील बंडखोरीचा उशिरा आलेला विजय दिसतो, त्यांनी हा क्रम पुन्हा एकदा वाचावा. २१ वर्षांवरील व्यक्तीच्या बाबतीत हा वापर कायदेशीर असावा, असेही तेथे म्हटले आहे. पण पुढे प्रत्यक्ष आज्ञा देणारे वाक्य येते तेव्हा होकार नाहीसा होतो. ठराविक कृती बेकायदेशीर नाहीत आणि त्या कोलोराडोच्या कायद्याखाली गुन्हा ठरणार नाहीत, एवढेच ते वाक्य सांगते. दोन नकारांनी एक होकार होतो हे अंकगणितात खरे. भाषेत ते क्वचितच खरे असते. आणि 'कोलोराडोच्या कायद्याखाली' हे शब्द तेथे अलंकार म्हणून आलेले नाहीत.

कारण त्याच भूमीवर दुसरा कायदाही चालतो. १९७० च्या केंद्रीय कायद्याने ही वनस्पती पहिल्या अनुसूचीत हेरॉइनच्या पंक्तीला बसवली. २००५ मध्ये केंद्रीय सर्वोच्च न्यायालयाने सहा विरुद्ध तीन मतांनी असे ठरवले की, राज्याच्या अनुमतीने घरच्या घरी औषधासाठी लावलेल्या रोपालाही केंद्राचा मनाईहुकूम लागू करता येतो. २०१३ मध्ये केंद्रीय न्याय खात्याने एका ज्ञापनाद्वारे कानाडोळा करण्याचे धोरण जाहीर केले. २०१८ च्या जानेवारीत ते मागे घेतले. डिसेंबर २०२५ मध्ये राष्ट्राध्यक्षांनी ही वनस्पती तिसऱ्या अनुसूचीत नेण्याची प्रक्रिया त्वरेने पुरी करण्याचा आदेश काढला, तेव्हाही लगेच 'अमेरिकेने बंदी उठवली' असे म्हणणारे भेटले. तिसरी अनुसूची म्हणजे वैद्याच्या चिठ्ठीने मिळणाऱ्या औषधांची; तीत नाव गेल्याने कोपऱ्यावरचे दुकान केंद्राच्या लेखी वैध ठरत नाही.

या विशेषणाची कसोटी पाहणारा एक खटला तर आमच्या मते अर्थविचाराच्या प्रत्येक वर्गात शिकवला जावा. कोलोराडोत असा कायदा आहे की, कामाच्या वेळेबाहेर केलेल्या कायदेशीर कृतीसाठी मालकाने नोकराला काढू नये. चाकाच्या खुर्चीला खिळलेला एक कर्मचारी राज्याच्या परवान्याने, औषध म्हणून, घरी, कामाच्या वेळेबाहेर हे द्रव्य घेत असे. चाचणीत अंश सापडला आणि नोकरी गेली. २०१५ मध्ये राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने एकमताने निकाल दिला: या कायद्यात 'कायदेशीर' म्हणजे राज्य आणि केंद्र या दोहोंच्या कायद्यांना मान्य असलेले. कर्मचारी हरला. संपूर्ण खटला एका विशेषणाचा अर्थ काय, याचाच होता. संदर्भाने अर्थ ठरतो हे वाक्य आपण उत्तरपत्रिकांत शेकडो वेळा तपासले आहे. त्या माणसाने ते पगार गमावून वाचले.

'झाला' हे क्रियापदही असेच फसवे. साउथ डाकोटाच्या मतदारांनी २०२० मध्ये कौल दिला. पुढच्याच वर्षी राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने, एका दुरुस्तीत एकाहून अधिक विषय आले म्हणून, तो रद्द ठरवला. फ्लोरिडात २०२४ मध्ये निम्म्याहून पुष्कळ अधिक मते पडूनही ६० टक्क्यांची अट पुरी झाली नाही. राजधानी वॉशिंग्टनमध्ये २०१४ च्या कौलाने बाळगणे आणि भेट देणे मोकळे केले, विक्री नाही. मग काही दुकाने भरमसाट किमतीला साधे चित्र विकू लागली आणि पुडी 'भेट' देऊ लागली. श्लेष हा काही केवळ पंडित कवींचा मक्ता नव्हे.

यात आपले काय अडले, असा प्रश्न येईल. मराठी घरांतली मुले शिकायला आणि नोकरीला त्या देशात जातात, आणि परदेशी नागरिकाचे तेथील वास्तव्य ठरवतो तो केंद्राचा कायदा. त्यात नियंत्रित द्रव्यासंबंधी दोषसिद्धीच हवी असे नाही. कृत्याची कबुलीही प्रवेश नाकारण्यास पुरेशी ठरू शकते. राज्याने ते कृत्य गुन्हा मानले नाही तरी नागरिकत्वाच्या अर्जात ते आड येऊ शकते, असे तेथील नागरिकत्व व स्थलांतर सेवेने २०१९ च्या एप्रिलमध्ये लेखी स्पष्ट केले. डेन्व्हरच्या दुकानात ओळखपत्र दाखवून, कर भरून, पावती घेऊन केलेली खरेदी अधिकाऱ्याच्या टेबलापाशी 'कबुली' होते. 'पण तिथे ते कायदेशीर होते' हे उत्तर प्रामाणिक असते, आणि तेच अंगाशी येते.

हे वकिलाने सांगायचे, असे आमचे सहकारी म्हणतील. त्या टेबलापाशी वकील नसतो. असतो तो एक प्रश्न आणि त्यातली विशेषणे वाचायला शिकलेला किंवा न शिकलेला एक विद्यार्थी. पुढच्या सत्रात कोलोराडोचे ते कलम आणि २०१५ चा तो निकाल वर्गात वाचायला घ्यावा. निकाल लांबलचक नाही; दोन तासिकांत होतो.