फुटेजला तारीख असते, ठिकाणही असतं

माझी तीस वर्षं टेपांच्या खोलीत गेली. आधी यू-मॅटिक, मग बीटाकॅम, शेवटी हार्ड डिस्क. पावसाळ्यात टेपांना बुरशी लागू द्यायची नाही, प्रत्येक टेपची नोंद ठेवायची आणि वाहिन्यांनी मागितलं की दृश्य शोधून द्यायचं, हे माझं काम.

या कामाचं मोल मला ठाऊक आहे. १९३१ चा ‘आलम आरा’ हा आपला पहिला बोलपट. त्याची एकही प्रत आज उपलब्ध नाही. बीबीसीनेही साठ-सत्तरच्या दशकांत अनेक कार्यक्रम पुसून त्याच टेपा पुन्हा वापरल्या. जपलं नाही ते गेलं. पण जपलेलं बेफिकिरीने वापरलं तर काय होतं, हे मला उशिरा कळलं.

एकदा एका वाहिनीचा फोन आला. “मुस्लिम वस्तीचे जनरल शॉट्स हवेत, अर्ध्या तासात.” मी मोहम्मद अली रोडवरचे रमजानमधले शॉट्स दिले. त्यात हसत खजूर तोलून देणारा एक विक्रेता होता. रात्री तेच दृश्य स्फोटातल्या संशयितांच्या अटकेच्या बातमीवर फिरत होतं. काही दिवसांनी त्यांचा मुलगा विचारत विचारत आमच्या कचेरीत आला. भांडला नाही. एवढंच म्हणाला, “साब, अब्बा को गुजरे चार साल हो गए. वो इस खबर में कैसे आए?”

दोष वाहिनीचा होताच, माझाही होता. टेपच्या लेबलवर मीच ‘मुस्लिम – जनरल’ लिहिलं होतं. तारीख नाही, ठिकाण नाही, प्रसंग नाही. मग सगळी सूची चाळली. ‘मुस्लिम’खाली नमाज, टोप्या, बुरखे, मोर्चे. मुस्लिम डॉक्टर मात्र ‘आरोग्य’खाली, शिक्षिका ‘शाळा’खाली, यंत्रमाग कामगार ‘उद्योग’खाली. म्हणजे पूर्वग्रह स्टुडिओत पोहोचण्याआधीच आमच्या रजिस्टरात येऊन बसला होता. २०१७ साली तिहेरी तलाकचा निकाल लागला, तेव्हा शायरा बानो स्वतः कॅमेऱ्यासमोर बोलत होत्या; तरी आमच्याकडे मागणी आली ती पाठमोऱ्या बुरख्यांचीच.

कोपऱ्यात बारीक अक्षरात ‘फाइल फुटेज’ लिहिलं की जबाबदारी संपते, असं वाहिन्या मानतात. मला ते पटत नाही. जुनं दृश्य पडद्यावर असेपर्यंत त्याची तारीख आणि ठिकाण दिसलंच पाहिजे. ज्याचा बातमीशी संबंध नाही, त्याचा चेहरा गुन्ह्याच्या बातमीवर वापरता कामा नये. आणि फुटेज देणाऱ्याने ही अट करारातच घालावी. पैसे आम्ही घेतो, तर जबाबदारीही आमची आहे.

निवृत्त होण्याआधी मी त्या टेपचं लेबल बदललं: ‘रमजान, संध्याकाळ, मोहम्मद अली रोड, खजूरविक्रेता. गुन्ह्याच्या बातमीसाठी देऊ नये.’ त्या मुलाला द्यायला माझ्याकडे एवढंच उत्तर होतं.